माहेर कुठल्या रंगाचं

शकू, तुझ्या तेराव्याला माझ्याआधी एक बाई रडून मोकळी झाली होती.

मी जिना चढून येते तर ती तुझ्या फोटोसमोर मांडी घालून बसलेली. डोक्यावर पदर, नाक लाल, आणि तुझी भावजय तिच्या पाठीवरून हात फिरवतेय. मला वाटलं, भावजयीच्या नात्यातली कोणी असेल. तिने मान वर केली, मला नीट पाहिलं आणि म्हणाली, "आप सुमन भाभीजी हो न? शकु दीदी आपकी भोत बात करती थीं."

करती थीं. मतलब हिच्याशी. कधी करायचीस? आणि माझ्याबद्दल काय करायचीस? मी तुझ्या फोटोला हात जोडायला आले होते, ते राहिलंच बाजूला, मी त्या बाईकडेच बघत बसले. "मैं रामकन्या," ती म्हणाली, "देपालपुर से."

आता यात माझी काय चूक, तू सांग. रामकन्या हे नाव मी दिवसातून किती वेळा घेते. आपल्या केबलच्या प्रत्येक लाईनच्या टोकाला ज्या घरात पेटी बसवली, त्या घराचं नाव आपण टोकाला देतो. "रामकन्या बंद आहे." "रामकन्या चालू झाली." "रामकन्याची केबल ट्रकने ओढली." इतकी वर्षं असं बोलून बोलून ती खरोखरची बाई आहे, तिला नाक आहे आणि ते लाल होतं, हे मी विसरूनच गेले होते. तू मात्र विसरली नव्हतीस.

इथल्या इंदूरच्या मंडळाच्या लोकांनी मला त्यांच्या अंकासाठी तुझ्यावर दोन पानं लिहायला सांगितली आहेत. "सुमनताई, तुम्ही तर त्यांच्या खास." जन्म, शिक्षण, टेलिफोन खात्यातली नोकरी हे दुसऱ्या कोणाकडून लिहून घ्या म्हटलं, मला ते जमायचं नाही. मी नववीपर्यंत शिकलेली, त्यातही नववीत निम्मा वेळ धाकट्या भावंडांना सांभाळण्यात गेला. मला जसं बोलता येतं तसंच लिहिता येतं. पण तो 'खास' शब्द तेव्हापासून दाढेत सेव अडकावी तसा अडकलाय. खास मीच होते ना गं?

माझ्याकडे तू आलीस ते तक्रार घेऊन. हे गेल्यावर केबलचा धंदा बंद करावा असं सगळे म्हणत होते आणि मी गच्चीवरच्या खोलीत एकटी त्या तारांकडे बघत बसायचे. तुझ्या घरी चित्र हलत होतं. तू वर आलीस, नुकतीच रिटायर झालेली, पर्स छातीशी धरून, आणि म्हणालीस, "तुमच्याकडे जोडणी कोण बघतं?" मी म्हटलं, मीच बघते, येत काही नाही. तू पर्स खुंटीला अडकवलीस. तुझ्या घरचं चित्र त्या दिवशी दुरुस्त झालं की नाही मला आठवत नाही, पण तू काही परत गेली नाहीस. रोज येत राहिलीस. सकाळी मी, दुपारी तू, असं आपलं ठरून गेलं, कारण जेवणानंतर आडवं झाल्याशिवाय माझी कंबर सरळ होत नाही.

आता कळतं, ती सगळी दुपार तू काय करत होतीस. मी खाली घोरत होते आणि तू वर देपालपुरशी बोलत होतीस.

तुझ्या आवाजाचा मला पहिल्यापासून राग. टेलिफोनच्या नोकरीत दुसऱ्यांची बोलणी जोडून देता देता तो आवाज असा काही झाला होता की माणसाने शिव्या द्यायला फोन केलेला असायचा आणि ठेवताना म्हणायचा, "कोई बात नहीं मैडमजी, आराम से करवा देना." मी उचलला की तोच माणूस, "काकी, नेट कब आएगा, मजाक बना रखा है क्या?" तू मैडमजी आणि मी काकी. आपल्यात तू दीड वर्षाने मोठी. मी मुकेशला एकदा विचारलं, लाईनमन आहे आपला, खरं बोलेल म्हणून. "काय रे, त्या मैडमजी आणि मी काकी, असं का?" तो म्हणाला, "काकी, उनसे डर लगता है, आपसे नहीं लगता." मी हे तुला कधी सांगितलं नाही. त्याने माझं समाधान करायला सांगितलं असेल, पण ते मी वर्षभर पुरवून पुरवून वापरलं.

मग तारा गेल्या आणि काच आली. काचेचा धागा, त्यातून उजेड पळतो, आणि त्या उजेडावर लोकांचे सिनेमे आणि मुलांच्या शाळा. ते आपण दोघी एकदमच शिकलो, तेव्हा तिथे तरी आपण बरोबरीच्या असायला हव्या होत्या. वाचणाऱ्यांना कळायला हवं म्हणून थोडं सांगते, तू तेवढं कानाआड कर.

आपल्या पेटीला ओळीने चौकोनी खण असतात. त्या खणात एक धातूची डबी सरकवायची, बोटाएवढी, चपटी. टक् करून बसते. तिच्या मागच्या बाजूला वीज कळते आणि पुढच्या बाजूला उजेड. आपलं बोलणं ती उजेडात सांगून धाडते आणि पलीकडून आलेला उजेड परत विजेत सांगते. विकणारे तिला ट्रान्सीव्हर म्हणतात, मुकेश डिब्बी म्हणतो. लांबच्या लाईनला काचेचा एकच धागा असतो, जाणं त्यातूनच आणि येणंही त्यातूनच. मग दोन्हीकडची बोलणी एकमेकांत मिसळत कशी नाहीत? तर दोन्ही डब्यांच्या उजेडाचा रंग वेगळा. आपल्या डोळ्यांना तो दिसत नाही, त्यांना दिसतो. एक डबी एका रंगात बोलते आणि दुसऱ्या रंगातलं ऐकते. तिची जोडीदारीण बरोबर उलट. म्हणून त्या जोडीने येतात, आणि ओळखू याव्यात म्हणून एकीची कडी निळी, एकीची पिवळी. दोन्ही टोकांना सारखीच लावली की दोघी जोरजोरात बोलत राहतात आणि ऐकत कोणीच नाही.

डबीवर ए आणि बी असं बारीक लिहिलेलं असायचं. ते मुकेशच्या काही लक्षात राहायचं नाही. सांवेर रोडच्या गोदामात त्याने दोन्हीकडे ए लावून ठेवलं आणि अख्खी सकाळ खांबावर चढत उतरत राहिला. तेव्हा तू त्याला समोर बसवलंस.

"हे बघ. मुलगी सासरी गेली की काय होतं? ती तिथलं बोलायला लागते आणि कान मात्र माहेराकडे लावून बसते. आणि माहेरी आई इथलंच बोलते, पण कान सासरकडे. बरोबर? तर ही निळी माहेर आणि ही पिवळी सासर. दोन्हीकडे माहेर लावलंस तर दोघी आया एकमेकींना काय ऐकवणार?"

"मैडमजी, हमारे यहाँ तो दोनों आई खूब सुनाती हैं," मुकेश म्हणाला, पण त्यानंतर तो कधी चुकला नाही. आपण रंगाने बोलायचंच सोडून दिलं. माहेर काढ, सासर पूस, माहेर गरम झालंय. नवीन माणूस ऐकेल तर त्याला वाटावं इथे बायकांचा काही वेगळाच धंदा चालतो.

मुकेश गेल्यावर मी तुला विचारलं होतं, तुला आठवत असेल. म्हटलं, "शके, तू लग्न केलं नाहीस, तुला सासर नाही, जन्म भावाच्या घरात गेला. तुला काय माहीत माहेर आणि सासर?" मी थोडं टोचायलाच म्हटलं होतं. तू पेटीला खालून फडकं मारत होतीस. वर न बघता म्हणालीस, "सासर नाही म्हणून तर मला माहेर कुठेही करता येतं. ही खोली माझं माहेर. म्हणून निळी इथे."

शकू, ते वाक्य मी कोणाला सांगितलेलं नाही. माझ्या सुनेलासुद्धा नाही. ठेवणीतल्या साडीसारखं ते मी घडी घालून ठेवलं होतं. तुझा राग आला, तू दोन दिवस तोंड फिरवून बसलीस, तुझी आणि माझी कशावरून तरी जुंपली, की मी मनात ती घडी उलगडून बघायची आणि परत ठेवायची. माझी गच्चीवरची पत्र्याची खोली कोणाचं तरी माहेर आहे. माझं स्वतःचं देवासचं माहेर केव्हाच मिटलं, भाऊ गेले, घर विकलं. पण मी कोणाचं तरी माहेर होते.

भांडणं तर आपली कमी नव्हती. तू दर वेळी धाग्याचं टोक पुसायचीस. मी म्हणायची, चालतंय ना, मग कशाला उपसतेस? तू म्हणायचीस, धुळीचा एक कण बसला की अर्धा उजेड तिथेच अडतो. बरं, ते तुझंच खरं होतं. पण गॉगलच्या भांडणात माझंही काही म्हणणं होतं आणि ते मला पुरं करायचं आहे.

मागच्या गल्लीत नवीन जोडणी दिली होती. घरात दुसरी जोडी शिल्लक नव्हती म्हणून लांबच्या लाईनची, मोठ्या ताकदीची जोडी तिथे लावली. हाकेच्या अंतरावर. मला वाटलं, ताकद जास्त तर चांगलंच चालेल. चाललंच नाही. दिवा लागायचा, विझायचा. तू आलीस, बघितलंस आणि हसायला लागलीस. कोसभर लांब ओरडण्याची डबी, ती शेजारणीच्या कानात ओरडतेय, समोरचीचे डोळे दिपले. मग मध्ये तो उजेड कमी करणारा तुकडा बसवला, ज्याला आपण गॉगल म्हणतो, आणि सगळं सुरळीत. तिथवर ठीक होतं. पण तू पुढे म्हणालीस, "सुमे, तुझंही असंच आहे. जवळच्या माणसावर इतका जोर लावतेस की त्याला काही दिसेनासं होतं."

त्या आठवड्यात भावाकडे पूजा होती म्हणून तू आली नव्हतीस आणि मी दोन-तीनदा फोन केले होते, त्याचा तो टोला होता. मी खाली गेले. पोहे केले, तुला दिले नाहीत. आज उत्तर देते. जोर लावला नसता तर तू इतकी वर्षं रोज जिना चढून आली असतीस का? गुडघे दुखत असताना? तुला गॉगल लागला असेल, लागो. तो तू कुठून आणलास ते आता मला कळलंय. देपालपुरहून.

ती लाईन घ्यायला मीच नको म्हणत होते. इतकी लांब केबल, मध्ये शेतं, नांगर, ट्रक, कोण बघणार? तू म्हणालीस, "तिथे एक बाई आहे, ऑनलाईनचं दुकान चालवते, फॉर्म भरून देते लोकांना. घरातली खोली देते म्हणतेय पेटीसाठी." मला वाटलं, तू जागेबद्दल बोलतेयस. पेटी बसवायला तू आणि मुकेश गेलात, संध्याकाळी यायचं तर दुसऱ्या दिवशी दुपारी आलीस. "उशीर झाला, राहिले." एवढंच सांगितलंस. मी विचारलं, काय जेवलीस? म्हणालीस, "काहीतरी."

काहीतरी म्हणजे काय, ते मला तेराव्याला कळलं. रामकन्या सांगत होती, आणि तुझी भावजय डोळे पुसत ऐकत होती. "दीदी को म्हारे हाथ के बाफले भोत पसंद. घी में डूबे हुए. एक बार बैठतीं तो थाली भर खा के उठतीं." मी तुला बाफले वाढले की तू कणकेचा तो गोळा अर्धा मोडून ठेवायचीस. जड पडतात, पोट बिघडतं. मी तुझ्यासाठी वेगळी मऊ खिचडी टाकायची, सणाच्या दिवशी, पाहुणे असताना. आणि तिथे तू थाळीभर. मी तुझ्या भावजयीला म्हटलं, मला बरं वाटत नाही, आणि पान तसंच टाकून उठले. तुझ्या तेराव्याचं जेवण मी जेवले नाही, शकू, आणि ते दुःखाने नव्हे. हेवा वाटत होता मला. अजून वाटतो. तू असतीस तर तुझ्याशी भांडून तो संपवला असता. आता हा घेऊन मी कोणाकडे जाऊ?

आणि मग मागच्या आठवड्यात रामकन्या बंद झाली.

भर दुपार. मुकेश सांवेर रोडला अडकलेला. मी आता दुपारीही वरच बसते, आडवी होत नाही, खोली रिकामी सोडवत नाही. पडद्यावर देपालपुर लाल झालं आणि लगेच फोन वाजला.

"भाभीजी, रामकन्या बोल रही हूँ. बिजली गई और ऐसी झटके से आई कि डिब्बी से जलने की बास आ रही है. दुकान में लोग बैठे हैं, बच्चों के कॉलेज के फॉर्म हैं, आज ही भरना है. क्या करूँ?"

मी म्हटलं, घबराओ मत, नई डिब्बी है?

"हाँ, शकु दीदी दो रख गई थीं. एक पीयर की, एक सासरे की."

पीयर म्हणजे माहेर, सासरा म्हणजे सासर. तू तिला आपला शब्द दिला होतास. नुसता दिला नव्हतास, तिच्या भाषेत करून दिला होतास, माळवीत, म्हणजे तिला परका वाटू नये. मी तिथे हातात फोन घेऊन बसले होते आणि मला असं झालं की कोणीतरी माझ्या कपाटातून ती ठेवणीतली साडी काढून नेसलीय आणि तिला ती शोभतेय.

"यहाँ तो पीयर वाली थी," ती म्हणाली, "वही लगा दूँ न?"

"नहीं," मी म्हटलं. "माहेर इधर है. पीयर. आप सासरे वाली लगाइए."

"पर भाभीजी, दीदी तो..."

"रामकन्याजी, पेटी मेरे सामने है. मैं देख रही हूँ न. पीयर इंदौर में है."

माझा तो आवाज तुला आवडला नसता. टक् असा आवाज फोनवर आला. मी पडद्याकडे बघितलं. लालच. आपलं जाणं ठीक, येणं काहीच नाही, पलीकडे नुसता अंधार. मी म्हटलं, टोक पुसा. तिने पुसलं. म्हटलं, काढून परत लावा. तिने लावलं. पेटी बंद करून चालू करा. केली. मागून कोणीतरी विचारत होतं, "चाची, हो जाएगा न आज?" आणि ती त्याला म्हणत होती, "बैठ जा बेटा, इंदौर से बात चल रही है." त्या इंदौरचे हात घामाने ओले झाले होते. मला वाटलं, केबलच तुटली. मग एक मन म्हणालं, बरं झालं तुटली, कशाला हवी ती लाईन. असं खरंच वाटलं मला. क्षणभर वाटलं, पण वाटलं. मग त्या फॉर्मवाल्या मुलांचा आवाज परत आला.

शेवटी तिनेच विचारलं, हळूच, "भाभीजी, आपके वाली का रंग कौन सा है?"

"नीला."

"म्हारी भी नीली है."

दोन्हीकडे निळी. दोघी बोलत होत्या आणि ऐकत कोणीच नव्हतं.

"नीली तो माहेर की होती है," मी म्हटलं.

"नहीं भाभीजी. पीली पीयर की होती है. नीली सासरे की. दीदी ने ही बताया था."

"दीदी ने क्या बताया था?"

ती म्हणाली, "जब पेटी लगी थी न, तब मैंने पूछा था कि दीदी, ये पीली इधर क्यों. तो बोलीं, सासरा तो म्हने मिला नहीं, तो पीयर मैं जहाँ चाहूँ बना लूँ. तेरा घर म्हारा पीयर है, इसलिए पीली इधर."

शकू, तू मला म्हणाली होतीस तेच. शब्दाला शब्द. फक्त रंग बदलला होतास. माझ्याकडे निळी होती तर निळी माहेर, तिच्याकडे पिवळी होती तर पिवळी माहेर. दुपारी तिच्याशी बोलताना पिवळीला पीयर म्हणायचीस आणि मी वर आले की त्याच पिवळीला सासर. तुझी जीभ कधी अडखळली कशी नाही? इतकी वर्षं ती लाईन चालली, कारण मध्ये तू होतीस आणि दोघींपैकी कोणाला कुठल्या शब्दात सांगायचं ते तुला ठाऊक होतं. आम्ही दोघी लाईनवरून थेट बोललो ते त्या दिवशीच, आणि त्याच दिवशी लाईन जुळेना.

रागाने माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तेवढ्यात तिकडून प्रश्न आला, अगदी बारीक आवाजात. "आपको भी बोला था क्या? पीयर?"

त्या आवाजात जे होतं ते मी लगेच ओळखलं. माझ्याच घरचं होतं ते. इतकी वर्षं तू तिला सुमन असं म्हणते, सुमनने असं केलं, सुमन रागावली, हे ऐकवत राहिलीस, तेव्हा ती बिचारी तिकडे काय गिळत बसली असेल. तिलाही वाटलं होतं, तिला एकटीलाच म्हणालीस. तिचीही घडी घालून ठेवलेली होती.

मी हो म्हणणार होते. तोंड उघडलं होतं. खरं होतं, माझ्या हक्काचं होतं, आणि माझं आधीचं होतं.

"नहीं," मी म्हटलं. "मेरे यहाँ तो रोज की थी. रोज की जगह को कोई पीयर बोलता है क्या? वो तो मुकेश को याद रहे इसलिए नाम रख दिया था. पीयर आपका ही था. आप पीली लगाओ."

"सच्ची?"

"हाँ. लगाओ, बच्चे बैठे हैं."

टक्. पडद्यावर देपालपुर हिरवं झालं. मागे दुकानात एकदम गलका झाला आणि ती रडत होती की हसत होती मला कळलं नाही. मी फोन ठेवला आणि खूप वेळ त्या निळ्या कडीकडे बघत बसले.

तर ते मी देऊन टाकलं, शकू. तिला फोनवर जे सांगितलं ते सांगितलं. इथे खरं लिहिते आहे, कारण मंडळाचा अंक देपालपुरला जात नाही, आणि गेला तरी तिला मराठी वाचता येत नाही. इथे छापलं जाईल की मला आधी म्हणाली होतीस. फार मोठेपणा माझ्याकडून होणार नाही, तू ओळखतेसच. आणि तू दोघींना एकच वाक्य का दिलंस, याचा मी खूप विचार केला. लबाडी म्हणावं तर लबाडी नव्हती. ज्या घरी जायचीस तिथे तुला खरंच तसं वाटत असणार. भावाच्या घरात सगळं होतं तुला, पण तिथे तू ते कधी म्हटलं नाहीस, हेही माझ्या लक्षात आलंय. तिथे तू दार वाजवून आत जायचीस.

तुझे आभार मानायचे राहिले. मी एकटी तारांकडे बघत बसले असताना तू पर्स खुंटीला अडकवलीस, त्याचे. ते मी जिवंतपणी म्हटलं असतं तर तू म्हणाली असतीस, "पुरे झालं, तिकडे कोण बंद आहे बघ."

आता रामकन्या दुपारी फोन करते. काम नसलं तरी करते. पहिल्या दिवशी मला राग आला, तुझ्या वेळेला फोन करते म्हणून. मग लक्षात आलं, ही तिचीच वेळ आहे, तिचा फोन उचलणारी तेवढी बदललीय. काल म्हणाली, "भाभीजी, दो दिन आ जाओ न इधर. पीयर समझ के."

बघ, माहेर लगेच वाटून द्यायला लागली. मिळाल्याला आठ दिवस झाले नाहीत.

मी म्हटलं, गुडघे, कंबर, पेटीकडे कोण बघेल. मग मुकेश म्हणाला, "काकी, मैं हूँ न, जाओ आप." तेव्हा गुरुवारी जाते आहे. बाफले खाणार, जड पडले तरी खाणार. आणि तिला विचारणार की दीदी कुठे बसायच्या. ती दाखवेल ती जागा, खाट असो, खुर्ची असो, तिथे मी बसणार आहे. दोन्ही दिवस. तुझी हरकत असेल तर आत्ताच सांग.